कंबरदुखीचा कोड कुठला लावायचा? वाचकांचे प्रश्न आणि उत्तरं

मागच्या अंकात एका वाचकांनी विचारलं होतं की डिस्चार्ज कार्डावर आजाराच्या नावापुढे अक्षर आणि आकडे लिहिलेले असतात ते काय असतं. त्यावर मी लिहिलं होतं की तो आयसीडी कोड, म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेने केलेल्या आजारांच्या वर्गीकरणातला त्या आजाराचा नंबर, आणि उदाहरण म्हणून कंबरदुखीचा एम ५४.५ दिला होता. कंबरदुखी घरोघरी असल्यामुळे असेल, पण त्या एका उदाहरणावरच सगळ्यात जास्त पत्रं आली, कोडिंग, म्हणजे डॉक्टरांच्या नोटवरून हे कोड लावायचं काम, करणाऱ्या मुलामुलींची, पेशंटच्या घरच्यांची, एका डॉक्टरांचंही. म्हणून या वेळचं सदर सगळं कंबरेलाच दिलंय. काही पत्रं लांब होती ती थोडी कमी केलीत.

प्रश्न : ताई, मी बीएस्सी करून नुकतीच कोडिंगला लागलेय, अमेरिकेतल्या ओपीडीच्या फाइल्स असतात. क्लासमध्ये जुन्या पुस्तकावरून शिकवलं होतं त्यामुळे लो बॅक पेन दिसलं की मी एम ५४.५ टाकायचे तर सिस्टिम घेतच नाही. एकजण म्हणतो डोळे झाकून .५० लाव, दुसरी म्हणते .५० लावलं की ऑडिटला (लावलेले कोड नंतर तपासतात तेव्हा) मार्क जातात, .५९ लाव. आणि .५१ कधी लावायचा ते कोणीच नीट सांगत नाही.
– एक वाचक, वाकड, पुणे

उत्तर : तू अमेरिकेच्या फाइल्स करतेस म्हणजे तुला नियम तिथलेच, त्यांचं स्वतःचं आयसीडी-१०-सीएम आहे, १ ऑक्टोबर २०१५ पासून चालू. त्याआधी आयसीडी-९ मध्ये कंबरदुखी ७२४.२ होती. एम ५४.५ हा कोड तिथे १ ऑक्टोबर २०२१ पर्यंत चालला आणि त्या दिवसापासून त्याचे तीन झाले, एम ५४.५०, एम ५४.५१ आणि एम ५४.५९. त्यामुळे आता पाचवा आकडा नसेल तर कोड अर्धवट धरतात आणि क्लेम परत येतो. इथे तारीख बघायची ती पेशंटला तपासलं त्या दिवसाची, तू फाइल उघडलीस त्या दिवसाची नाही. दर १ ऑक्टोबरला नवी यादी लागू होते, हल्ली १ एप्रिललाही थोडे बदल येतात, तेव्हा क्लासचं पुस्तक कितीही चांगलं असलं तरी वर्ष बघितल्याशिवाय वापरू नकोस.

आता तिघांतला फरक. डॉक्टरांनी नुसतं कंबर दुखते एवढंच लिहिलंय, कारण काही दिलेलं नाही, तर .५०. कंबरदुखीचा प्रकार डॉक्टरांनी नेमका सांगितलाय पण त्या प्रकाराला स्वतंत्र कोड नाही, तर .५९. म्हणजे .५९ म्हणजे "जास्त चांगला दिसणारा .५०" नव्हे, हे त्या मैत्रिणीला नक्की सांग. नोटमध्ये काही नेमकं नसताना मार्क वाचवायला .५९ लावणं म्हणजे डॉक्टरांनी न म्हटलेलं त्यांच्या तोंडी घालणं झालं आणि माझ्यासमोर ऑडिटला अशी फाइल आली तर मी .५० वाल्या फाइलच्या आधी तिला चूक देईन.

.५१ हा वेगळाच आहे. मणक्याच्या हाडाचा वरचा आणि खालचा पृष्ठभाग, ज्याला एंडप्लेट म्हणतात, तिथून निघणारं दुखणं, त्याला व्हर्टिब्रोजेनिक म्हणतात. हाडाच्या आतून जाणारी बेसिव्हर्टिब्रल नावाची नस ते दुखणं वाहून नेते आणि ती नस जाळायची एक प्रोसिजर आहे, तिला जानेवारी २०२२ पासून ६४६२८ आणि ६४६२९ असे सीपीटी, म्हणजे प्रोसिजरचे, कोड मिळाले. या पेशंटच्या एमआरआयमध्ये बऱ्याचदा मोडिक चेंजेस (एंडप्लेटजवळच्या हाडात दिसणारे बदल) टाइप १ किंवा २ असं लिहिलेलं असतं. नवीन मुलं इथेच फसतात, रिपोर्टमध्ये मोडिक दिसलं की लगेच .५१. तसं करायचं नाही. मोडिक चेंजेस असणारा प्रत्येकजण त्याच कारणाने दुखतोय असं नाही ना, ते ठरवणं डॉक्टरांचं काम, त्यांनी नोटमध्ये दुखणं व्हर्टिब्रोजेनिक आहे किंवा एंडप्लेटमुळे आहे असं लिहिलं तरच.

आणि .५० ची भीती काढून टाक. जागतिक आरोग्य संघटनाच सांगते की साधारण ९० टक्के कंबरदुखीत नेमकं कारण सापडत नाही, मग दहातल्या नऊ पेशंटच्या नोटमध्ये कारण कुठून येणार! अमेरिकेच्या गाइडलाइनमध्येही स्पष्ट आहे की त्या भेटीत जेवढं कळलंय तेवढंच सांगणारा अनस्पेसिफाइड कोड योग्यच असतो. मार्क कधी जातात, तर नोटमध्ये जास्त माहिती असूनही तू ती न वाचता .५० लावून पुढे गेलीस तर.

अजून एक, नोटमध्ये क्रॉनिक लिहिलेलं असेल तर एम ५४.५० च्या सोबत जी ८९.२९ हा जुनाट दुखण्याचा कोड लावता येतो, कारण कंबरेच्या कोडमधून दुखणं जुनं आहे हे कळत नाही. पण किती महिन्यांनी क्रॉनिक म्हणायचं याची मुदत गाइडलाइनमध्ये दिलेलीच नाही, त्यामुळे "सहा महिन्यांपासून दुखतंय" वाचून तू स्वतः क्रॉनिक ठरवायचं नाहीस, डॉक्टरांचा शब्द हवा. कारण कळलेलं असेल आणि उपचार त्या कारणावरच चालू असतील तर जी ८९ चं काही काम नाही.

प्रश्न : ताई नमस्कार, आम्ही न्यू जर्सीत एडिसनला असतो. मिस्टर वेअरहाऊसला आहेत, खोकं उचलताना कंबरेत चमक भरली, दोन दिवस वाकता येत नव्हतं. ओळखीच्या क्लिनिकमध्ये दाखवलं, आता इन्शुरन्सचा कागद आलाय की डायग्नोसिस कोड इनव्हॅलिड, पैसे नाही देणार, कागदावर एम ५४.५ आहे. क्लिनिकवाले म्हणतात तुम्ही इन्शुरन्सशी बोला, इन्शुरन्सवाले म्हणतात क्लिनिकशी बोला. आम्ही काय करायचं?
– एक भगिनी, एडिसन

उत्तर : हा जो कागद आलाय तो बिल नाही, तो इन्शुरन्सने काय ठरवलं याचा हिशोब आहे, त्यामुळे लगेच पैसे भरून टाकू नका. कोडची दुरुस्ती क्लिनिकच्या बिलिंगलाच करायला लागते, इन्शुरन्स स्वतःहून कोड बदलत नाही आणि पेशंटलाही बदलता येत नाही. क्लिनिकला फोन करून सांगा की कोड अपुरा असल्यामुळे क्लेम परत आलाय, करेक्टेड क्लेम पाठवा, आणि कोणाशी कधी बोललात ते लिहून ठेवा. वरच्या उत्तरात सांगितलंय तसं २०२१ च्या ऑक्टोबरनंतर हा चार अक्षरी कोड तिथे चालतच नाही, त्यामुळे यात वाद घालण्यासारखंही काही नाही.

पण तुमच्या पत्रात याहून महत्त्वाची गोष्ट आहे ती म्हणजे कामावर खोकं उचलताना झालं. हे डॉक्टरांना सांगितलं होतं का? वजन उचलताना स्नायू ताणला गेला असं डॉक्टरांचं मत असेल तर कोड मुळात एम ५४ मधला नाहीच, तो दुखापतीचा, एस ३९.०१२, आणि त्याच्या शेवटी एक अक्षर लागतं, उपचार चालू असताना ए, बरं होत असतानाच्या पुढच्या भेटींना डी. एम ५४.५ खाली स्पष्ट सूचनाच आहे की कंबरेचा स्ट्रेन इथे धरू नये. शिवाय कसं लागलं, कामावर लागलं का, हे सांगणारे जादा कोडही असतात, एक्स ५०.० म्हणजे जोर लावल्यामुळे, वाय ९९.० म्हणजे पगारी काम करताना.

आणि कामावरची दुखापत असेल तर तिथे बहुतेक वेळा खर्च नेहमीच्या हेल्थ इन्शुरन्सकडे जात नाही, मालकाच्या वर्कर्स कॉम्पेन्सेशनकडे जातो. म्हणजे क्लिनिकने घाईघाईत नुसता पाचवा आकडा जोडून क्लेम परत पाठवला तर तो कोडवर पास होईल आणि मग कोणीतरी विचारेल की हे कामावर झालं होतं का, आणि परत सगळं अडकेल. तर आधी मिस्टरांनी कामावर रीतसर कळवलंय का ते बघा, नसेल तर आजच कळवायला सांगा, अशा गोष्टींना मुदती असतात. मग डॉक्टरांना विनंती करा की घडलं तसं, कधी, काय उचलताना, ते नोटमध्ये लिहा. आपली माणसं नोकरी जाईल या भीतीने कामावर झालं हे सांगतच नाहीत, मी हे फार बघितलंय, आणि मग उपचाराचे पैसे वर्षभर स्वतःच्या खिशातून जातात. कृपा करून सांगा.

प्रश्न : मॅडम, कंबरेतून डाव्या पायात कळ जाते अशी केस असली की माझा गोंधळ होतो. एम ५४.४२, एम ५४.१६, एम ५१.१६, एम ५१.२६ सगळेच बरोबर वाटतात. एमआरआयमध्ये एल ४-एल ५ ला (कंबरेच्या चौथ्या-पाचव्या मणक्यांमध्ये) डिस्क, म्हणजे गादी, सरकलेली असते म्हणून मी दोन दोन लावतो तर एडिट लागतो, सिस्टिम अडवते.
– एक कोडर, नागपूर

उत्तर : चारही बरोबर वाटतात कारण चारही एकाच रस्त्यावरचे आहेत, डॉक्टर त्या रस्त्यावर कुठपर्यंत पोचलेत ते बघायचं. फक्त कंबर आणि डावी सायटिका, कारण लिहिलेलं नाही, तर एम ५४.४२. उजवी असती तर ४१, बाजूच लिहिली नसेल तर ४०. डॉक्टरांनी लंबर रॅडिक्युलोपॅथी (कंबरेतल्या नसेच्या मुळाचा त्रास) लिहिलंय पण कशामुळे ते नाही, तर एम ५४.१६. गादी सरकली आहे असं लिहिलंय पण नस दबल्याचं काही नाही, तर एम ५१.२६. गादीमुळेच नस दबली असं दोन्ही जोडून लिहिलंय तर एकटा एम ५१.१६, आणि जागा एल ५-एस १ असेल तर शेवटचा आकडा सात, म्हणजे एम ५१.१७.

दोन दोन लावल्यावर एडिट लागतो कारण एम ५४.१ आणि एम ५४.४ दोघांखाली एक्सक्लूड्स-वन म्हणून सूचना आहे, ती सांगते की डिस्कमुळे असेल तर एम ५१.१ कडे जा. एक्सक्लूड्स-वन म्हणजे हे दोन एका दुखण्यासाठी एकत्र येऊ शकत नाहीत. एम ५१.१६ मध्ये डिस्क आली, नसही आली आणि सायटिकाही आली, मग कंबरदुखी वेगळी लावायची गरजच राहत नाही, कारण आजाराचं जे नेहमीचं लक्षण असतं ते आजारासोबत परत मोजत नाहीत.

पायात कळ जाते एवढ्यावरून रॅडिक्युलोपॅथी धरू नका. मांडीपर्यंत दुखणं सांध्यातूनही जातं, स्नायूतूनही जातं. नोटमध्ये नुसतं रेडिएटिंग पेन असेल तर डॉक्टरांना विचारा. आणि सस्पेक्टेड, प्रॉबेबल, रूल आउट असे शब्द असतील तर ओपीडीच्या फाइलमध्ये ते आजार लावायचेच नाहीत, लक्षणावर थांबायचं, "रूल आउट डिस्क" म्हणजे तुमच्यासाठी अजून कंबरदुखीच. भरती झालेल्या पेशंटला हॉस्पिटलच्या कोडिंगमध्ये उलटं आहे, डिस्चार्जच्या वेळीही प्रॉबेबल लिहिलेलं असेल तर ते असल्यासारखं धरतात. एकाच शिफ्टमध्ये दोन्ही प्रकारच्या फाइल्स करणाऱ्यांची इथे हमखास सरमिसळ होते, तेव्हा फाइल उघडली की पहिलं ते बघून घ्या.

डिजनरेशन, म्हणजे गादी झिजलेली असेल तर १ ऑक्टोबर २०२४ पासून एम ५१.३६ सुद्धा पुरत नाही, सहावा आकडा लागतो. फक्त कंबरेचं दुखणं असेल तर शून्य, फक्त पायाचं असेल तर एक, दोन्ही असेल तर दोन, आणि दुखण्याचा उल्लेखच नसेल तर नऊ, म्हणजे एम ५१.३६० ते एम ५१.३६९. हा बदल मला मनापासून आवडला, कारण आता गादी झिजली आहे आणि त्यामुळे दुखतंय या दोन गोष्टी वेगळ्या दिसतात. चाळिशी-पन्नाशीनंतर कितीतरी जणांच्या गाद्या झिजलेल्या असतात आणि त्यांना काही होत नसतं.

प्रश्न : आईला (वय ६३) अचानक उसण भरून उठताही येईना म्हणून हॉस्पिटलमध्ये ठेवलं, तीन दिवस, एमआरआय केला, सलाइन इंजेक्शनं झाली. मेडिक्लेम होता, दीड वर्ष झालंय पॉलिसीला. टीपीएने (विमा कंपनीसाठी क्लेम बघणारी संस्था) क्लेम नाकारला, कारण लिहिलंय की भरती मुख्यतः तपासणीसाठी होती. फॉर्मवर कोड एम ५४.५ आहे. ओळखीचा एजंट म्हणतो हॉस्पिटलला सांगून कोड स्लिप डिस्कचा करून घ्या, लगेच पास होईल. तसं करावं का? एमआरआयमध्ये डिस्क बल्ज आहे असं आलंय म्हणजे खोटं पण नाही ना.
– एक वाचक, सातारा

उत्तर : तसं करू नका, आणि फक्त तत्त्वाची गोष्ट म्हणून सांगत नाहीये, तुमचं नुकसान होईल म्हणूनही सांगतेय. नीट वाचा.

आधी एक शंका काढून टाकते, एम ५४.५ हा कोड भारतात चुकीचा नाही. वर जे पन्नास-एक्कावन्न-एकोणसाठ चाललंय ते अमेरिकेपुरतं. आपल्याकडे क्लेम फॉर्मचा जो भाग बी हॉस्पिटल भरतं त्यात आयसीडी-१० चा रकाना असतो, तिथे जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ यादीतला एम ५४.५ चालतो. म्हणजे क्लेम कोड चुकल्यामुळे गेलेला नाही.

तो गेलाय तपासणीच्या कलमामुळे. आयआरडीएआयने, म्हणजे विम्याच्या सरकारी नियामकाने, सगळ्या कंपन्यांसाठी काही कलमं एकसारखी करून दिलीत, त्यातलं एक्सक्ल ०४ म्हणतं की भरती मुख्यतः निदान आणि तपासणीसाठीच असेल तर खर्च मिळणार नाही. टीपीएच्या टेबलवर कागद कसा दिसला असेल बघा, निदान कंबरदुखी, केलं काय तर एमआरआय, घरी सोडलं. त्या कागदावरून आई उठू शकत नव्हती हे कुठे दिसतंय? तर तुमची लढाई कोडची नाहीच, भरती करणं का गरजेचं होतं हे दाखवायची आहे. हॉस्पिटलकडून इनडोअर केस पेपर मागा, पूर्ण. त्यात पहिल्या दिवशी डॉक्टरांनी काय तपासलं, उभं राहता येत होतं का, पायातली ताकद किती होती, कोणती इंजेक्शनं शिरेतून दिली, किती वेळा दिली, गोळ्यांनी भागलं नसतं का, हे सगळं असतं, नर्सिंगच्या नोंदी सुद्धा. मग उपचार करणाऱ्या डॉक्टरांकडून एक पत्र घ्या की घरी ठेवून उपचार का शक्य नव्हते. घडलेलंच लिहायचं, जास्त काही नाही. हे जोडून कंपनीच्या तक्रार विभागाला फेरविचारासाठी द्या.

आता एजंटने सांगितलेल्या रस्त्याने गेलात तर काय होईल. बऱ्याच पॉलिसींमध्ये एक्सक्ल ०२ खाली ठरावीक आजारांना २४ महिन्यांपर्यंत थांबावं लागतं आणि त्या यादीत गादी सरकण्याचा आजार बहुतेक वेळा असतो. तुमच्या पॉलिसीला झालंय दीड वर्ष. म्हणजे आज तपासणीच्या मुद्द्यावर नाकारलेला क्लेम, ज्याला उत्तर देता येतं, तो तुम्ही स्वतः ओढून अशा कलमाखाली नेणार जिथे उत्तरच नाही. (अपघाताने झालेल्या गोष्टींना ही थांबायची मुदत लागू नसते, पण आईंचं तसं नाहीये, तुम्ही स्वतःच लिहिलंय.) वर जुने कागद आणि नवे कागद जुळणार नाहीत, टीपीएकडे पहिला फॉर्म आहेच, आणि मग प्रश्न आजाराचा न राहता खरेपणाचा होतो आणि तो आईंच्या पुढच्या प्रत्येक क्लेमच्या मागे लागतो.

"खोटं पण नाही ना" हे तुम्ही विचारलंत त्याचं खरं उत्तर असं, की एमआरआयमध्ये बल्ज दिसणं आणि बल्जमुळे आई आजारी पडणं हे एक नाही. डॉक्टरांनी तपासून, पायाची ताकद-संवेदना बघून, हे डिस्कमुळेच आहे असं निदान केलं असेल आणि फॉर्म भरणाऱ्या माणसाने सवयीने कंबरदुखीचा कोड टाकला असेल तर ती खरी चूक आहे आणि हॉस्पिटलने डॉक्टरांच्या सहीने दुरुस्तीचं पत्र देणं बरोबरच, मग त्याचा परिणाम तुमच्या बाजूने होवो की विरुद्ध. ते डॉक्टरच सांगतील, एजंट नाही.

कंपनीने परत नकार दिला किंवा ३० दिवसांत उत्तरच दिलं नाही तर विमा लोकपालांकडे जा, तुम्हाला पुण्याचं ऑफिस, फी लागत नाही, वकीलही लागत नाही, पण कंपनीच्या शेवटच्या नकारानंतर वर्षाच्या आत जायला लागतं.

आणि आईंबद्दल, पैशाचं होईल ते होईल, पण पुन्हा असं झालं आणि सोबत पायाचा पंजा उचलता येईना, किंवा लघवी अडली किंवा कळेनाशी झाली, संडासच्या जागेभोवती बधिर वाटायला लागलं, तर सकाळची वाट बघायची नाही, त्याच तासाला मोठं हॉस्पिटल गाठायचं. मणक्याच्या खालच्या नसांचा गुच्छ दबल्याची ती खूण असते आणि उशीर झाला तर ते नुकसान भरून येत नाही.

प्रश्न : माझ्या कागदावर एम ४७.८ लिहिले आहे. मुलगा म्हणाला ५४ पेक्षा ४७ कमी म्हणजे आजार कमी. खरे का? मी ७१ वर्षांचा आहे, रोज फिरायला जातो.
– एक ज्येष्ठ वाचक, इंदूर

उत्तर : काका, आकड्याचा आजाराच्या जोराशी काही संबंध नाही, तो फक्त यादीतला पत्ता. एम म्हणजे हाडं, सांधे, स्नायू यांचं प्रकरण, एम ०० ते एम ९९, आणि एम ४७ म्हणजे स्पॉन्डिलोसिस, मणक्यांची वयानुसार होणारी झीज. तुम्ही फिरताय ते चालू ठेवा, डॉक्टरांनी काही बंद केलं असेल तर तेवढं सोडून.

प्रश्न : मी ऑर्थोपेडिक सर्जन आहे. हल्ली हॉस्पिटलच्या कोडिंग विभागातून रोज विचारणा येतात, डावी की उजवी, कोणती लेव्हल, ॲक्यूट की क्रॉनिक. ओपीडीत ऐंशी पेशंट असतात. एवढं लिहीत बसलो तर तपासणार कधी? कोडरला एमआरआय वाचून स्वतः लावता येत नाही का?
– एक डॉक्टर, नाशिक

उत्तर : सर, तुमची अडचण खरी आहे, ऐंशी पेशंटच्या ओपीडीत लिहायला वेळ कुठून आणायचा. पण कोडरने एमआरआय वाचून निदान लावायला सुरुवात केली तर सगळ्यात आधी तुम्हीच म्हणाल की निदान करायला मी आहे, आणि ते बरोबरच असेल. गादी दिसते आहे, पण पेशंट त्या गादीने दुखतोय का, हे हात लावून तपासणाऱ्यालाच कळतं.

आणि खरंतर फार लिहायला लागत नाही. "एलबीपी" (लो बॅक पेन) या तीन अक्षरांऐवजी "एल ४-एल ५ डिस्क, डावी रॅडिक्युलोपॅथी, सहा आठवडे" एवढं आलं तरी कोडरचा फोन येणार नाही. कारण माहीत नसेल तर "कारण अस्पष्ट, नसेचं लक्षण नाही" हे सुद्धा उत्तम, त्याने .५ चा कोड पक्का होतो आणि उद्या कोणी विचारलं की एमआरआय का नाही केला तर तुमची ती ओळ तुमच्याच बाजूने उभी राहते. लंबर स्टेनोसिस (कंबरेतला नसांचा मार्ग अरुंद होणं) असेल तर चालताना पाय भरून येऊन थांबावं लागतं का ते लिहा, अमेरिकेच्या यादीत तर तेवढ्यावरून कोड बदलतो, एम ४८.०६१ चा एम ४८.०६२ होतो, आणि ऑपरेशनच्या निर्णयालाही तुम्ही तेच बघता. पडून किंवा वजन उचलून झालं असेल तर तो एक शब्द. वयस्कर बाईंच्या ठिसूळ हाडामुळे मणका दबला असेल तर कृपया ते कंबरदुखी म्हणून सोडू नका, ते ऑस्टिओपोरोसिसचं फ्रॅक्चर आहे, वेगळा कोड, वेगळे उपचार, आणि पुढचं हाड मोडायच्या आधी ते कोणाच्या तरी नजरेत यायला हवं. मला ही गोष्ट फार लागते, कारण फाइलमध्ये पाच भेटी कंबरदुखी, कंबरदुखी असं दिसतं आणि सहाव्या भेटीत खुबा मोडलेला असतो.

कोडरने प्रश्न कसा विचारावा याचेही नियम आहेत. "हे एम ५१.१६ आहे ना, सही करा" असा उत्तर आधीच तोंडात घालणारा प्रश्न विचारायचा नसतो, पर्याय द्यायचे आणि "सांगता येत नाही" हाही पर्याय ठेवायचा. तुमच्याकडे जर तसे प्रश्न येत असतील तर ती तक्रार जरूर करा, ती योग्य तक्रार आहे.

प्रश्न : ताई मी फिजिओथेरपिस्ट आहे, तीन वर्षं क्लिनिक केलं, आता कोडिंगमध्ये यायचा विचार आहे. परीक्षा कोणती, किती अवघड? आणि आयसीडी-११ येतंय म्हणतात मग १० शिकून फुकट जाईल का?
– एक वाचक, रत्नागिरी

उत्तर : फुकट नाही जाणार. आयसीडी-११ ला मे २०१९ मध्ये मान्यता मिळाली आणि १ जानेवारी २०२२ पासून ती जागतिक पातळीवर लागू आहे, पण अमेरिकेची बिलं अजून आयसीडी-१०-सीएम वरच चालतात आणि पुण्यात, नवी मुंबईत जे काम येतं ते बहुतेक तिथलंच. आयसीडी-१० ला सुद्धा मे १९९० मध्ये मान्यता मिळाली होती आणि अमेरिकेच्या बिलांवर ते यायला २०१५ उजाडलं, त्यावरून वेगाचा अंदाज घे. ११ मध्ये कंबरदुखी एमई ८४.२ आहे, आणि तुला फिजिओ म्हणून आवडेल अशी गोष्ट म्हणजे त्यात जुनाट दुखण्याला एमजी ३० हे स्वतंत्र घर दिलंय, दुखणं हाच आजार असू शकतो हे त्यांनी मान्य केलं. तेवढं वाचून ठेव, बाकी घाई नको.

परीक्षा एएपीसी या अमेरिकेतल्या कोडर लोकांच्या संस्थेची सीपीसी, शंभर प्रश्न, चार तास, ७० टक्क्यांना पास, कोडची पुस्तकं सोबत ठेवता येतात. अवघड आहे ती वेळेमुळे. तुला शरीररचना पाठ आहे, एल ५ ची नस कुठे जाते हे तुला कोणी शिकवायला नको, कॉमर्स करून आलेल्या मुलांना तिथेच महिने लागतात. तुला जड जाईल ते उलट, तू नोट वाचून मनातल्या मनात निदान करायला लागशील, पिरिफॉर्मिस आहे, सॅक्रोइलिॲक आहे असं दिसेल तुला, आणि बहुतेक वेळा तुझं बरोबरही असेल, पण नोटमध्ये नसेल तर लावायचं नाही. सरावाला सुरुवात कंबरेपासूनच कर, तुझ्या क्लिनिकमधल्या जुन्या केसेस आठवून, नाव-गाव न लिहिता, नोट जशी असायची तशी लिहून काढ आणि एम ५४, एम ५१, एम ४७, एम ४८ आणि एस ३९ यांच्या खालच्या सूचना वाचत वाचत कोड लाव, सूचना वाचायची सवय लागली की बाकीची प्रकरणं सोपी जातात. फ्रेशर म्हणून पास झालीस की नावापुढे ए लागतो, सीपीसी-ए, म्हणजे अनुभव अजून नाही, कामाच्या अनुभवाने तो निघतो, त्यासाठी परत परीक्षा नसते. आणि क्लासवाल्यांनी पासची किंवा नोकरीची गॅरंटी दिली तर फी भरण्याआधी त्यांच्याकडे शिकून लागलेल्या दोघा-चौघांशी स्वतः बोल.